तेलाचा डबा वाटताना शेवटच्या घराला कमी का पडतं? लक्षणं आणि तपासण्या

आधी लक्षणं बघा. तुमच्याकडे यातलं नेमकं काय होतंय, त्यावरून कुठली तपासणी करायची ते ठरतं.

- सहा घरांत डबा वाटला. पाच जणांना पुरेपूर मिळालं, सहाव्याच्या वाट्याला निम्म्याच्या आसपास आलं.
- उलट प्रकार: सगळ्यांना देऊन झालं आणि डब्यात लिटर-दीड लिटर उरलं.
- शेवटच्याला थोडंसंच कमी पडलं, शंभर ते अडीचशे मिली.
- मोजून सारखंच दिलं, पण बाटल्या शेजारी ठेवल्यावर पातळी वेगळी दिसते.
- वाटताना बरोबर होतं, दुसऱ्या दिवशी घरी मोजलं तर कमी भरलं.
- तेल ओतायच्या आधीच गोंधळ: कागदावरच्या वाट्यांची बेरीज डब्याशी जुळत नाही.

लालबागच्या आमच्या चाळीत दिवाळीआधी घरं मिळून गोडेतेलाचे डबे काढतात. वाटणीचं काम माझ्याकडे असतं. शेजारच्या चाळींतून आणि ओळखीच्या बचत गटांतूनही बोलावणं येतं, ते बहुतेक वेळा वाटणी फसल्यावर. तेल सांडलेलं नसतं, लबाडीही कुणी केलेली नसते, तरी शेवटची बाटली भरत नाही आणि दोन घरांचं बोलणं बंद होतं. मला याचं फार वाईट वाटतं, कारण कारण साधं असतं आणि बहुतेक वेळा फुकटात सापडतं.

एक गोष्ट आधीच वेगळी करून ठेवा. सारखं वाटणं आणि बरोबर मोजणं ही दोन निरनिराळी कामं आहेत. सारखं वाटायला अचूक माप लागत नाही, एकच माप लागतं. स्टीलचा कुठलाही गडू घ्या, प्रत्येकाला त्याच गडूने तितकेच गडू घाला, वाटणी सारखीच होणार. गडूत नऊशे मिली बसतं की अकराशे, याने काही बिघडत नाही. अचूक माप लागतं ते दुसऱ्या प्रश्नासाठी: डब्यात लिहिलंय तेवढं तेल आहे का, आणि पैसे देतोय तेवढं मिळतंय का. भांडणात हे दोन प्रश्न एकत्र होतात आणि मग एकाचंही उत्तर मिळत नाही.

आता तपासण्या. सोप्या आणि फुकटच्या आधी, खर्चाच्या नंतर. क्रम मोडू नका. नवा वजनकाटा आणून बसल्यावर डब्यावरचा शिक्का वाचायचाच राहिला होता असं कळतं, असं मी बघितलं आहे.

पहिली तपासणी: डबा किलोचा की लिटरचा?

पहिली दोन लक्षणं असतील तर बहुधा इथेच काम संपेल. दुकानात आपण "पंधराचा डबा द्या" म्हणतो आणि दुकानदारही तेवढंच ऐकतो. पण पंधरा किलोचा डबा वेगळा आणि पंधरा लिटरचा वेगळा. पत्र्यावर किंवा लेबलवर निव्वळ वजन किंवा निव्वळ प्रमाण छापलेलं असतं. ते वाचा आणि आकड्यापुढे किलो आहे की लिटर ते बघा.

फरक पडतो कारण तेल पाण्यापेक्षा हलकं आहे. एक लिटर पाणी साधारण एक किलो भरतं. शेंगदाणा, सूर्यफूल, सोयाबीन यांपैकी कुठलंही तेल लिटरला ९१० ते ९२० ग्रॅमच्या आसपास भरतं. हिशेबासाठी ९१० धरा.

पंधरा लिटरचा डबा: १५ × ०.९१ = १३.६५ किलो.
पंधरा किलोचा डबा: १५ ÷ ०.९१ = साधारण १६.४८ लिटर.

दोन डब्यांत जवळपास दीड लिटरचा फरक आहे. आता पहिलं लक्षण घ्या. डबा लिटरचा, आणि तुम्ही काट्यावर प्रत्येकाला अडीच किलो दिलं. पाच घरांना साडेबारा किलो गेलं. डब्यात होतं १३.६५, म्हणजे सहाव्याला उरलं १.१५ किलो. अर्ध्याहूनही कमी. दुसरं लक्षण याच्या बरोबर उलट: डबा किलोचा, वाटलं मापाने अडीच-अडीच लिटर, पंधरा लिटर गेलं आणि दीड लिटर तळाशी राहिलं. ते उरलेलं तेल सगळ्यांचं आहे, वाटणाऱ्याचं नाही.

उपाय एवढाच: डबा ज्या एककात, वाटणी त्याच एककात. लिटरचा डबा मापाने वाटा. किलोचा डबा काट्यावर वाटा, म्हणजे प्रत्येकी अडीच किलो. काटा नसेल तर १६.४८ लिटरला सहाने भागा, प्रत्येकी साधारण २७४५ मिली येतं.

भाव ताडून बघतानाही हेच विसरलं जातं. एक दुकानदार लिटरचा दर सांगतो, दुसरा किलोचा. लिटरच्या दराला अकराने गुणून दहाने भागा, किलोचा दर येतो. लिटरला १५० म्हणजे किलोला १६५. हे न करता "तो बघा महाग लावतोय" म्हणणं त्या दुकानदारावर अन्याय आहे.

दुसरी तपासणी: कागदावरचे आकडे

ही तपासणी डबा फोडायच्या आधी करायची. ग्रुपवर प्रत्येक जण आपापल्या पद्धतीने लिहितो: कुणी "सव्वादोन", कुणी "२.५", कुणी "१ ली ५०", कुणी "पाऊण". वाटणारी व्यक्ती घाईत ते दशांशात उतरवते आणि घोटाळा होतो.

सगळं आधी मिलीलिटरमध्ये आणा. एक लिटर म्हणजे १००० मिली, त्यामुळे दशांश चिन्हानंतर तीन आकडे पूर्ण करायचे आणि चिन्ह पुसून टाकायचं. २.५ म्हणजे २.५००, म्हणजे २५०० मिली. १.०५ म्हणजे १.०५०, म्हणजे १०५० मिली. १.५ आणि १.०५ यांत साडेचारशे मिलीचं अंतर आहे आणि घाईत वाचताना ते एका शून्यात लपतं. "१ ली ५०" लिहिणाऱ्याला फोन करा. त्याला दीड लिटर हवंय की एक लिटर पन्नास मिली, हे अंदाजाने ठरवू नका.

आपले जुने शब्द इथे उलट जास्त भरवशाचे आहेत. पाव २५०, अर्धा ५००, पाऊण ७५०, सव्वा १२५०, दीड १५००, पावणेदोन १७५०, सव्वादोन २२५०, अडीच २५००. यात शून्य इकडचं तिकडे होत नाही. मी यादी करताना शब्द आणि मिली दोन्ही लिहिते.

बाहेरून आलेल्या बाटल्यांवर किंवा मापांवर सीएल, डीएल असं लिहिलेलं असतं. सेंटिलिटर म्हणजे १० मिली, डेसिलिटर म्हणजे १०० मिली. ७५ सीएलची बाटली म्हणजे ७५० मिली. सीसी आणि मिली एकच. टाकीच्या किंवा टँकरच्या हिशेबात घनमीटर आला तर तो १००० लिटर.

भागाकार पूर्ण जात नसेल तर खाली उतरा, वर चढू नका. पंधरा लिटर सात घरांत वाटायचं तर १५००० ÷ ७ = २१४२.८५ येतं. प्रत्येकी २१४० द्या, २० मिली उरतील, ते शेवटी चमच्याने वाटा. २१५० धरलंत तर सात घरांना १५०५० मिली लागेल, आणि ते पन्नास मिली डब्यात नाहीत. ती तूट शेवटच्याच्या नशिबी येते.

कुणाला दुप्पट हवं असेल तर घरं मोजू नका, वाटे मोजा. चार घरांना एकेक आणि एका घराला दोन, म्हणजे सहा वाटे. आणि यादीची बेरीज डब्याशी जुळेपर्यंत सील फोडू नका.

तिसरी तपासणी: माप आणि ओतण्याची पद्धत

तिसरं लक्षण, म्हणजे शेवटच्याला थोडंसं कमी, हे बहुतेक इथलं असतं. सर्वांत जास्त वेळ मी इथेच घालवते.

स्वयंपाकघरातला लिटरचा प्लॅस्टिकचा मग घ्या. त्याचं तोंड साधारण दहा सेंटिमीटर रुंद असतं. रेघेच्या वर दोन मिलिमीटर तेल गेलं तर डोळ्याला ते कळतही नाही. पण एवढ्या रुंद तोंडावर दोन मिलिमीटर म्हणजे जवळपास सोळा मिली. पंधरा मग मोजले आणि प्रत्येक वेळी तेवढंच वर गेलं, तर २३५ मिलीच्या आसपास तेल जास्त वाटलं गेलं. प्रत्येकाला थोडं थोडं जास्त मिळालं, कुणाला समजलं नाही, आणि सगळी तूट एकाच घरावर पडली. अरुंद मानेच्या बाटलीत, मान तीन सेंटिमीटरची धरली तर, त्याच दोन मिलिमीटरची चूक दीड मिलीसुद्धा होत नाही. म्हणून रुंद मगापेक्षा अशी बाटली माप म्हणून चांगली. मानेवर स्केचपेनने रेघ मारायची आणि दरवेळी तिथपर्यंतच भरायचं.

रेघ बघताना माप ओट्यावर सपाट ठेवा आणि स्वतः खाली वाका. हातात धरून, वरून बघून मोजू नका. कडेला तेल किंचित वर चढलेलं दिसतं, ते सोडून मधली सपाट पातळी धरा. उंचावरून ओतलं की तेलात हवेचे बुडबुडे येतात. ते बसेपर्यंत थांबा, नाहीतर तेलाऐवजी फेस मोजला जातो.

माप पहिल्यांदा वापरण्याआधी आतून तेलाने ओलं करून परत डब्यात उपडं करा. कोरड्या मापाच्या भिंतींना तेल चिकटतं आणि पहिल्या घराला तेवढं कमी जातं. त्यानंतर दरवेळी माप सारखाच वेळ उपडं धरा, मनात वीसपर्यंत मोजलं तरी चालेल. एकाला धार तुटेपर्यंत आणि दुसऱ्याला घाईघाईत, असं होता कामा नये.

आणि सर्वांत महत्त्वाचं: एक बाटली पूर्ण भरून मग पुढची घ्यायची, हे सोडून द्या. फेऱ्यांनी वाटा. सगळ्यांच्या बाटल्या ओळीने मांडा. पहिल्या फेरीत प्रत्येकाला एक लिटर, दुसऱ्या फेरीत आणखी एक. मग डब्यात किती उरलं ते बघा आणि तेवढंच सारखं करून शेवटच्या फेरीत द्या. अशाने माप थोडं चुकत असलं तरी चूक सगळ्यांत विभागली जाते. पंधरा लिटरच्या डब्यात समजा दोनशे मिली कमी पडले, तर सहा घरांना प्रत्येकी तेहतीस मिली कमी जाईल. दोन मोठे चमचे. त्यावरून कुणी भांडत नाही.

शेवटी डबा कोपऱ्यावर तिरका करून दहा-पंधरा मिनिटं ठेवा. पत्र्याच्या कडांना आणि कोपऱ्यांना चिकटलेलं तेल खाली उतरतं. हे न करता डबा रद्दीवाल्याला दिला तर कुणाचा तरी वाटा त्याच्याकडे जातो.

घाण्याचं तेल असेल तर तळाशी साका असतो. वाटण्याआधी तेल लांब पळीने सावकाश ढवळा, नाहीतर पहिल्याला नितळ आणि शेवटच्याला गाळ. कोकणातून आलेल्या आगळाचंही तसंच, कॅन नीट हलवल्याशिवाय ओतू नका. मापाने सारखं असलं तरी मीठ आणि आंबटपणा सारखा नसतो.

चौथी तपासणी: बाटल्या

चौथं लक्षण बहुतेक वेळा तक्रार नसतेच. "अगं, माझ्या बाटलीत कमी दिसतंय," असं आमच्याकडे शेजारच्या काकू दर वेळी म्हणतात, आणि त्यांची बाटली खरंच बुडाशी रुंद आहे. "काकू, तुमची यात ओतून बघू," म्हणून दुसऱ्याच्या रिकाम्या बाटलीत ओतून दाखवलं की प्रश्न मिटतो. रुंद भांड्यात पातळी खाली दिसते, तेल तेवढंच असतं.

खरी चूक दुसरीकडे होते: प्रत्येकाची बाटली म्हणजेच माप धरणं. पाण्याच्या एक लिटरच्या बाटलीवर एक लिटर लिहिलेलं असतं, पण ते भरलेल्या पातळीपर्यंत. काठोकाठ भरली तर त्यात लिटरपेक्षा जास्त बसतं, आणि किती जास्त ते प्रत्येक बाटलीगणिक बदलतं. म्हणून सगळ्यांना "आपली बाटली काठोकाठ" असं कधी करू नका.

बाटलीत किती बसतं ते बघायचं असेल तर पाणी भरून वजन करा. एक ग्रॅम पाणी म्हणजे एक मिली. आपल्या मुंबईच्या उकाड्यात त्यात लिटरमागे चार-पाच ग्रॅमचा फरक येतो, घरगुती कामाला तो सोडून द्या. नंतर बाटली पूर्ण कोरडी होऊ द्या, पंख्याखाली उपडी ठेवून एक रात्र. ओल्या बाटलीत तेल भरलं तर ते टिकत नाही.

पाचवी तपासणी: तापमान

वाटताना बरोबर, नंतर कमी, याचं कारण हे असू शकतं. तेल तापलं की फुगतं, थंड झालं की आकसतं. दहा अंशांच्या फरकाला साधारण पाऊण टक्का. दुपारी गच्चीवर तापलेल्या डब्यातून मोजलेलं अडीच लिटर तेल पहाटेच्या गारव्यात पंचवीसएक मिली कमी दिसू शकतं. वजन मात्र तेवढंच राहतं.

याच कारणाने २०२२ मध्ये केंद्र सरकारच्या ग्राहक व्यवहार विभागाने तेल कंपन्यांना सांगितलं की पाकिटावर लिटरबरोबर वजनही छापा आणि तापमानाचा उल्लेख काढा. काही पाकिटांवर ६० अंश तापमानाला मोजलेलं लिटर लिहिलेलं असायचं. सोयाबीन तेल २१ अंशांना लिटरला ९१९ ग्रॅमच्या आसपास भरतं, ६० अंशांना ८९३ च्या आसपास. लिटर दोन्हीकडे एकच, तेल मात्र सव्वीस ग्रॅमने कमी. म्हणून पाकीट घेताना ग्रॅमचा आकडा वाचायची सवय लावा.

खोबरेल तेल साधारण २४ अंशांखाली गोठायला लागतं, जानेवारीत मुंबईतही. अर्धवट गोठलेलं वाटायला घेऊ नका, आधी कोमट पाण्यात बरणी ठेवून पूर्ण पातळ करा.

सहावी तपासणी: वजनकाटा

वरच्या सगळ्यातून उत्तर मिळालं नाही तरच काटा काढा. घरगुती काटा पाच किंवा दहा किलोपर्यंतच वजन घेतो, त्यामुळे अख्खा डबा त्यावर ठेवायचा नाही.

आधी कोरडी बाटली ठेवून काटा शून्यावर आणा. प्रत्येक बाटलीसाठी पुन्हा, कारण काचेच्या आणि प्लॅस्टिकच्या बाटलीत शेकडो ग्रॅमचा फरक असतो. काटा कडाप्प्याच्या सपाट भागावर ठेवा, फडक्यावर किंवा वर्तमानपत्रावर नाही. तीच वस्तू तीनदा ठेवून बघा. दरवेळी आकडा बदलत असेल तर आधी सेल बदला.

एक सापळा नक्की लक्षात ठेवा. बऱ्याच घरगुती काट्यांवर मिलीचं बटण असतं. काटा मोजतो फक्त वजन, आणि मिली दाखवताना भांड्यात पाणी आहे असं धरतो. त्या बटणावर २५०० मिली तेल दिलंत तर प्रत्यक्षात २५०० ग्रॅम गेलं, म्हणजे जवळपास २७५० मिली. पहिलं लक्षण पुन्हा हजर. तेलासाठी काटा ग्रॅमवरच ठेवा. पंधरा लिटरचा डबा सहा घरांत वाटताना प्रत्येकी २२७५ ग्रॅम.

इथे थांबा आणि माहीतगाराला बोलवा

सगळे वाटे आणि तळाचं तेल मिळून वजन केलं आणि तरी डबा कमी भरला, तर आता विषय वाटणीचा राहिला नाही. दहा ते पंधरा किलोच्या पॅकला दीडशे ग्रॅमपर्यंतचा फरक नियमात बसतो, आणि घरगुती काट्याची चूक त्यात मिळवा. त्याहून स्पष्ट जास्त तूट असेल तर दुकानदाराशी बोला, बिल दाखवा. फोडलेल्या डब्यावर काही सिद्ध करणं अवघड जातं, म्हणून पुढच्या वेळी शंका असेल तर सीलबंद डबा दुकानातल्याच काट्यावर ठेवायला सांगा आणि रिकाम्या डब्याचं वजन त्यातून वजा करा. दुकानाच्या इलेक्ट्रॉनिक काट्याची दरवर्षी सरकारी पडताळणी करून घ्यावी लागते. तिचं प्रमाणपत्र विचारायचा तुम्हाला हक्क आहे, संकोच नको.

त्यानेही समाधान झालं नाही तर राज्याच्या वैध मापन शास्त्र यंत्रणेकडे तक्रार करा, किंवा राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५ वर फोन करा. डबा, सील, बिल आणि लेबल तसंच ठेवा. दुकानाचा किंवा गटाचा काटा बिघडला असेल तर तो उघडू नका. सील तुटलं की तो काटा व्यवहारात वापरता येत नाही. परवानाधारक दुरुस्तीवाल्याकडेच द्या.

बचत गटांसाठी वेगळं सांगते: आपसात वाटून घेणं वेगळं आणि बाटल्या भरून विकणं वेगळं. खाद्यतेल सुटं विकायला बंदी आहे. विकायचं ठरवलंत तर अन्न परवाना, लेबल आणि पडताळलेलं माप हे सगळं लागतं. त्या टप्प्यावर माझ्यासारख्या वाटणाऱ्या बाईचा सल्ला पुरत नाही, जाणकाराला भेटा.

औषधाला यातलं काहीही लावू नका. लहान मुलाचं सिरप दोन भावंडांत "निम्मं निम्मं" करणं, मोठ्याचा डोस भागून छोट्याला देणं, स्वयंपाकघरातल्या चमच्याने मोजणं, हे सगळं बंद. ०.५ मिली आणि ५ मिली यांत दहापट अंतर आहे. सिरपबरोबर आलेलं झाकण किंवा सिरिंज वापरा, आणि आकडा नीट वाचता येत नसेल तर औषध देण्याआधी डॉक्टरांना किंवा केमिस्टला फोन करा.